समोरच्या बाजूचा इसम

क्लिपमधल्या माणसाचं उभं राहणं त्याला पहिल्या नजरेतच आवडलं नाही. दुपारची वेळ होती, वर्तमानपत्राच्या कचेरीत गुन्ह्यांच्या बातम्यांचं पान लावायला घेतलं होतं, आणि टेबलावर पालथा घातलेला फोन एकसारखा थरथरत होता म्हणून त्याने तो उलटून पाहिला. शेजारच्या दातांच्या डॉक्टरांनी आपल्या फाटकावर नवीनच बसवलेल्या कॅमेऱ्याची आदल्या रात्रीची क्लिप वसाहतीच्या ग्रुपवर टाकली होती. रस्त्याच्या पलीकडे, रिकाम्या प्लॉटच्या कडेला विजेची पेटी आहे, तिच्याशेजारी एक माणूस उभा. अंधारात पाहणाऱ्या कॅमेऱ्याने त्याचा चेहरा जाळून टाकला होता, तिथे नुसता पांढरा डाग. बाकी शरीर मात्र नको इतकं स्पष्ट. खांदे हँगरवर टांगून विसरलेल्या कोटासारखे पडलेले, मान पुढे, हात पोटाशी एकमेकांत गुंतवलेले. काहीतरी मागायला आलेला आणि काय मागायचं तेच विसरलेला माणूस दारात उभा राहील, तसा. वर्षानुवर्षं पोलिसांच्या पत्रकांच्या बातम्या करण्यात गेल्यामुळे त्याच्या डोक्यात वाक्य आपोआप तयार झालं: अज्ञात इसम संशयास्पदरीत्या वावरताना आढळून आला. तेवढ्यात त्या इसमाने एका पायाच्या चपलेची कड दुसऱ्या पायाच्या पोटरीवर घासली, आणि टेबलाखाली त्याच्या स्वतःच्या पोटरीला खाज सुटली. तो तोच होता. ‘म्हणजे मी’ असं त्याच्या मनात आलं नाही. तो तोच होता, असं आलं, आणि पुढे जे झालं त्याचं मूळ बहुधा या सर्वनामातच असावं.

ग्रुप तोवर पेटला होता. वसाहतीच्या सेक्रेटरी निवृत्त मुख्याध्यापिका होत्या आणि ग्रुपवर त्या फळ्यावर लिहिल्यासारखं लिहीत. हा चोर कोणाकडे आला होता ते संबंधितांनी त्वरित कळवावे, असं त्यांनी लिहिलं होतं. त्यावर डॉक्टरांचं उत्तर, की कुणाकडेच नाही मॅडम, बराच वेळ नुसता उभा आहे, मी पुढचं कापलं, फार कंटाळवाणं होतं. आणि त्याखाली त्याच्या बायकोचा मेसेज: ‘हा आमच्या स्वयंपाकघराच्या खिडकीकडे बघतोय. मी आणि मुलगी तिथेच होतो. कृपया यांना कुणीतरी कळवा, हे फोन उचलत नाहीयेत.’ त्याने तो मेसेज दोनदा वाचला. एका परिच्छेदात तो दोन वेळा होता, एकदा हा म्हणून आणि एकदा हे म्हणून, आणि बायकोला त्या दोघांची गाठ घालून द्यायची होती. खरं म्हणजे वेळ अजून गेलेली नव्हती. ‘अहो, मीच तो, जेवणानंतर पाय मोकळे करत होतो’ असं लिहिलं असतं तर डॉक्टरांनी हसणारा चेहरा टाकला असता आणि विषय गटारांच्या झाकणांवर गेला असता. त्याने ‘अहो मीच’ एवढं टाइप केलंही. पण मग पुढचा प्रश्न स्वतःच्याच स्वयंपाकघराकडे अंधारातून एवढा वेळ काय बघत होतात, हा आला असता, आणि त्याचं उत्तर ग्रुपवर मावणारं नव्हतं. त्याने ते दोन शब्द पुसले. बोट तसंच वर राहिलं, आणि सवय नावाची जी गोष्ट माणसाच्या आधी जागी होते तिने त्याच्याकडून लिहून घेतलं: ‘चोर म्हणणं घाईचं होईल. अद्याप काही चोरीला गेलेलं नाही. इसम म्हणावं.’ मुख्याध्यापिकाबाईंनी लगेच लिहिलं, शब्द योग्य, यापुढे सर्वांनी इसम असेच लिहावे. आयुष्यात त्याने सुचवलेला कुठलाही शब्द इतक्या लोकांनी इतक्या लवकर कधी स्वीकारला नव्हता. संपादकांनी तर नाहीच.

इसम हा शब्द त्याच्या हाताखालून रोज जायचा. पानाची एक रीत होती, कुणी लिहून ठेवलेली नाही, पण मोडायची कुणाची हिंमत नाही. माणूस मोठा असेल तर तो व्यावसायिक. मध्यम असेल तर रहिवासी. तरुण असून बरे कपडे घातलेला असेल तर युवक. यांपैकी काहीच नसेल, किंवा तो काय आहे हे विचारायचा कुणाला कंटाळा आला असेल, तर तो इसम. इसमाला आई नसते. इसमाचं लग्न झालेलं नसतं. इसमाला ताप येत नाही, तो थेट मृतावस्थेत आढळतो. नव्याने आलेल्या वार्ताहरांना तो हे गमतीने शिकवायचा आणि तेही वहीत लिहून घेत. आता त्याच शब्दाच्या आत स्वतःहून जाऊन बसल्यावर त्याला वाटलं की जागा अगदीच वाईट नाही. जरा अरुंद आहे, पण कुणी बोलवत नाही.

ते बघणं सुरू झालं तेव्हा त्यात काहीच ठरवलेलं नव्हतं. जेवणानंतर चक्कर मारायची त्याची जुनी सवय. मागच्या दाराने निघायचं, मागच्या गल्लीने वळसा घालून पुढच्या रस्त्याला लागायचं आणि परत यायचं. एकदा विजेच्या पेटीजवळ चष्मा पुसायला थांबला आणि समोर पाहिलं तर स्वतःचं घर. ते इतकं उजळलेलं असेल याची त्याला कल्पना नव्हती. चष्म्याशिवायही दिसत होतं, किंवा चष्मा नव्हता म्हणूनच दिसत होतं: ओट्याशी बायको, खुर्चीवर एक गुडघा वर घेऊन बसलेली सोळा वर्षांची मुलगी, आणि दोघी हसताहेत. नुसत्या नव्हे, ओट्याला धरून, वाकून, डोळे पुसत. काचेमुळे आवाज येत नव्हता. मुलीने नाकावरचा नसलेला चष्मा मधल्या बोटाने वर ढकलला, हनुवटी गळ्याला लावली आणि काहीतरी म्हणाली, त्यावर बायको पुन्हा वाकली. नाकावरचा चष्मा तसा ढकलणारी एकच व्यक्ती त्या घरात राहत होती. त्याला राग आला नाही. त्याला एवढंच कळून घ्यायचं होतं की ती नक्की काय म्हणाली. तो चष्मा घालून घरात गेला तेव्हा दोघींचे चेहरे पुसून ठेवलेल्या ताटांसारखे कोरडे होते आणि बायकोने विचारलं, दूध तापवू का. दुसऱ्या रात्री तो पुन्हा पेटीजवळ थांबला. मग रोज. घरात असताना जे त्याला कधीच मिळत नव्हतं ते रस्त्याच्या पलीकडून फुकट दिसत होतं, फक्त त्यात तो नव्हता. आणि तो नव्हता म्हणूनच ते होतं, हे समजण्याइतका तो शिकलेला होता.

त्याची आई त्याला लहानपणी अभ्यासाला बसवून दार लावून घ्यायची आणि मग दाराच्या फटीतून बघायची. फटीत तिचा एक डोळा आणि साडीचा किंचित काठ दिसे. माझं लक्ष आहे हं, असं ती म्हणायची, आणि ते धमकीसारखंही असायचं आणि पांघरूण घातल्यासारखंही. त्याचं सगळं बालपण त्या एका डोळ्यासमोर गेलं. तो पाढे मोठ्याने म्हणायचा, पेन्सिलीला टोक करतानासुद्धा चेहरा गंभीर ठेवायचा, आणि एकटा असताना त्याला कधी एकटं वाटलं नाही. आई गेली तेव्हा लोक म्हणाले छत्र हरपलं. त्याला वाटलं, फट बुजली. त्यानंतर त्याच्यावर कुणाचंच लक्ष नव्हतं. कचेरीत त्याच्या पानावर असायचं, पण तेही चुका असल्या तरच. बायकोचं लक्ष घरावर असे, मुलीचं फोनवर, आणि तो या दोन गोष्टींच्या मध्ये पेपर उघडून बसलेला असे. बसलेला, हे महत्त्वाचं होतं. घरच्यांनी त्याला गेली कित्येक वर्षं बसलेलाच पाहिला होता. त्याला उभा, लांबून, सबंध असा कुणी पाहिलाच नव्हता. म्हणून क्लिपमध्ये त्याला बायकोने ओळखलं नाही यात तिची चूक काढता आली नसती.

त्या संध्याकाळी तो घरी पोहोचला तेव्हा दार उघडण्याआधी आतून बायकोने विचारलं, कोण. असं तिने कधी विचारलं नव्हतं. त्याने ‘मी’ म्हटल्यावर कड्या निघाल्या, आणि तिने चक्क त्याची बाही धरून त्याला आत ओढलं. पडदे लावलेले होते. मुलगी पुस्तक घेऊन बैठकीच्या खोलीत बसली होती, तो बसल्यावर ती सरकून त्याच्याशेजारी आली आणि तिने पाय त्याच्या मांडीवर टाकले. तिचे पाय एवढे लांब झालेत हे त्याला ठाऊक नव्हतं. जेवताना बायको पहिल्यांदा त्याच्याशी त्याच्या कामाबद्दल बोलली. तुमच्या पानावर असले लोक येतात ना, तिने विचारलं, ते शेवटी काय करतात. त्याने जबाबदारीने सांगितलं की बहुतेक वेळा काहीच करत नाहीत, नुसते आढळतात. मुलगी म्हणाली, बाबा, नुसता बघत असेल तर ते जास्तच घाण आहे. चोर परवडला, त्याला निदान टीव्ही हवा असतो. त्याने पोळी मोडली. रात्री झोपताना बायकोने त्याचा हात घेतला आणि तसाच धरून ठेवला. तिचा तळवा किंचित ओला होता. तो छताकडे बघत पडून राहिला, आणि लग्नानंतरच्या पहिल्या वर्षात त्याला जसं वाटायचं, की आपण कुणाच्या तरी उपयोगाचे आहोत, तसं त्याला वाटलं. तिला सांगून टाकावं असंही वाटलं. पण सांगितलं तर हात काढून घेतला जाईल हे उघड होतं, म्हणून त्याने ते सकाळवर टाकलं, आणि सकाळी दूध उतू गेलं.

पुढचे काही दिवस सुखाचे होते असं म्हणायला हरकत नाही. त्याला चहा विचारून मिळू लागला. तो मुलीला शाळेत सोडायला जाऊ लागला, आणि ती मैत्रिणींच्या देखत त्याचा हात सोडत नसे. ग्रुपवर मात्र इसमाचं शवविच्छेदन चाललं होतं आणि ते त्याला वाचावं लागे. डॉक्टर म्हणाले, खांदे बघा, हा माणूस आयुष्यात कशाला नाही म्हणालेला नाही. दुसऱ्या कुणी लिहिलं की बायकोने टाकलेला दिसतो. मुख्याध्यापिकाबाईंचं मत पडलं की शाळेत अशी मुलं मागच्या बाकावरही नसतात, मधल्या बाकावर असतात, त्यामुळे लक्षात राहत नाहीत. संध्याकाळी फाटकाशी डॉक्टर भेटले तेव्हा त्यांनी त्याच्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाले, काळजी करू नका, असले लोक भित्रे असतात, समोर आला तर दोन दात पाडून देतो, परत बसवायचे पैसे मात्र घेईन. तो हसला. दात त्याने जिभेने चाचपून पाहिले. सगळ्यांत वाईट बायको होती. ती दुपारी क्लिप पुन्हापुन्हा बघायची आणि तो आला की त्याला शेजारी बसवून दाखवायची. बघा ना, त्याचे हात बघा कसे धरलेत, ती म्हणायची. मला त्याच्या चेहऱ्याची भीती नाही वाटत, चेहरा दिसतच नाही. पण ह्या उभं राहण्याची किळस येते. हे सांगताना ती त्याच्या खांद्याला टेकलेली असे, त्याच खांद्याला. आणि तो पडद्यावरच्या आपल्या खांद्यांकडे बघत म्हणे, हो, आहे खरं विचित्र. हात मात्र तो तेव्हापासून घरात खिशात ठेवू लागला.

पण भीतीला रोज नवं काही घालावं लागतं, आणि इसम तर आलाच नाही. तो घरी बसून राहिला होता, येणार कुठून. हळूहळू पडदे अर्धे उघडे राहू लागले. बायकोचा हात रात्री पुन्हा तिच्या उशीखाली गेला. ग्रुपवर गटारांची झाकणं परत आली. एका रात्री तो पाणी प्यायला स्वयंपाकघराकडे गेला तर आतून हसण्याचा आवाज येत होता, आणि तो उंबऱ्यात पोहोचताच बंद झाला. दिवा बटणाने बंद व्हावा, तसा. मुलीने कानांत इअरफोनच्या पांढऱ्या गोळ्या घालून घेतल्या. बायकोने विचारलं, काही हवंय का. हा प्रश्न त्या घरात त्याला वर्षानुवर्षं विचारला जात होता आणि त्याने कधी त्याचं खरं उत्तर दिलं नव्हतं. पाणी, तो म्हणाला.

दुसऱ्या रात्री जेवणानंतर त्याने सांगितलं की जरा फेरी मारून येतो. कॅमेरा कुठवर बघतो हे एव्हाना त्याला डॉक्टरांइतकंच ठाऊक होतं, आणि डॉक्टर त्या वेळी दवाखान्यात असतात हेही. त्याने चष्मा खिशात घातला आणि पेटीजवळ, कॅमेऱ्यात येणार नाही अशा बाजूला, जाऊन उभा राहिला. खांदे पाडावे लागले नाहीत. हात आपोआप पोटाशी गेले. ही नक्कल करायला आलो आहोत असं त्याने मनाशी धरलं होतं, पण उभं राहिल्यावर कळलं की नक्कल तर तो घरात करत होता. खिडकीत मुलगी एकटीच होती, काहीतरी चमच्याने ढवळत. मग तिने मान वर केली. तिला दिसत असेल तर पडद्याच्या फटीतून फक्त एक आकार दिसत असणार, पण ती बघत राहिली. ती ओरडली नाही. चमचा हातात तसाच. त्यालाही हलता येईना. ती लहान असताना त्याच्या पोटावर झोपून त्याच्या तोंडाकडे अशीच बघायची, नाकपुड्या, भुवया, सगळं नीट. त्यानंतर आज पहिल्यांदा ती त्याच्याकडे पुरती बघत होती, मध्ये काही न आणता. तिच्या सबंध चेहऱ्यावर दुसरं काहीच नव्हतं, फक्त तो होता. त्याच्या छातीत काहीतरी उमललं, आणि तिच्या हातातला चमचा पडला.

तो गल्लीतून धावत मागच्या दाराने आत आला, चष्मा चढवला, आणि ती येऊन त्याच्यावर आदळलीच. शर्टाच्या पाठीत तिची नखं रुतली. ‘बाबा, तो होता,’ ती म्हणाली. ‘त्याने माझ्याकडे बघितलं.’ तो तिच्या डोक्यावरून हात फिरवत म्हणत राहिला की मी आहे ना, मी आहे. त्याला धाप लागली होती आणि ती धाप तिला आपल्यासाठी धावत आल्याची वाटली. आयुष्यात इतकं कुणी त्याला धरलं नव्हतं. जे करायला नको होतं ते झालं, हे त्याला त्या क्षणी कळत होतं, आणि तो क्षण संपू नये असंही वाटत होतं, आणि या दोन गोष्टी एकमेकींना अजिबात आड येत नव्हत्या.

त्यानंतर बघायला म्हणून तो कधीच पेटीजवळ गेला नाही. पण आता त्याच्या जाण्याची गरज राहिली नव्हती; मुलीला तो इसम सगळीकडे दिसत होता. शाळेच्या फाटकाशी, जिन्यात, न्हाणीघराच्या झडपेच्या काचेत. ती स्वयंपाकघरात जायची बंद झाली. मग जेवायची. तिच्या गालांची हाडं दिसू लागली आणि केस उशीवर राहू लागले. ती रात्री आईबापांच्या मध्ये झोपायची आणि मधूनच उठून बसून विचारायची, बाबा, झोपलायस? तो म्हणायचा, नाही गं, जागाच आहे. मग ती झोपायची. तो खरंच जागा असे. डॉक्टरांनी आणखी कॅमेरे लावले, बायकांनी नि पुरुषांनी पाळ्या लावून फेऱ्या सुरू केल्या, त्याला मात्र मुख्याध्यापिकाबाईंनी त्यातून सूट दिली, कारण त्याच्या घरी त्याची जास्त गरज होती. मुलगी परीक्षेच्या खोलीतून उठून बाहेर आली आणि कॉरिडॉरमध्ये ओकली. शाळेने तिला घेऊन जायला सांगितलं. वाटेत तिने त्याचा हात धरला होता, पण आता ती पकड मैत्रिणींच्या देखत हात न सोडणाऱ्या मुलीची नव्हती. पाण्यात पडलेला माणूस समोर येईल ते धरतो, तशी होती. काठावर कोण आहे ते तो बघत नाही.

बायकोने निर्णय घेतला आणि मगच सांगितला. मुलीला घेऊन ती मावशीकडे जाणार, दुसऱ्या गावी. वर्ष गेलं तर गेलं. तिथली शाळा बघून ठेवली होती, मावशीने वरची खोली रिकामी केली होती. आणि मग, त्याने विचारलं. मग बघू, ती म्हणाली, हे घर विकावं असं मला वाटतंय. तुमची नोकरी इथे आहे, तुम्हाला तर राहावंच लागेल. तिने हे इतक्या सरळपणे सांगितलं की त्याला कळलं, तिने हे मनात अनेकदा वाचून, चुका काढून, शेवटची प्रत केली आहे. बॅगा पलंगावर उघड्या पडल्या होत्या. मुलगी भिंतीला टेकून बसली होती आणि खिडकीकडे पाठ होती. आपण आता बोललो नाही तर या दोघी जातील, त्याच्या मनात आलं, आणि मुलगी ते डोळे जन्मभर सोबत घेऊन जाईल. हे दुसरं आधी मनात यायला हवं होतं.

‘तो मी होतो,’ तो म्हणाला.

बायकोने घडी घालता घालता मान वर केली. त्याने पुन्हा सांगितलं. पेटीजवळ मीच उभा राहायचो, दोन्ही वेळा मीच होतो, चोर नाही, कुणी नाही, घाबरायचं काही कारण नाही. का, असं बायकोने विचारलं. त्याने खरं सांगायचा प्रयत्न केला. तुम्ही दोघी हसत असता ते बघायला, तो म्हणाला. आणि ते वाक्य बाहेर पडल्यावर इतकं खोटं वाटलं की त्याने स्वतःच्या पानावर ते कधी जाऊ दिलं नसतं.

मग मुलीचे डोळे भरून आले. ती उठून त्याच्याजवळ आली. ‘बाबा, तू किती चांगला आहेस रे,’ ती म्हणाली. ‘पण मला धीर द्यायला असं खोटं नको बोलूस. मी लहान नाहीये.’

त्याने शपथ घेतली. तिने त्याच्या तोंडावर हात ठेवला. त्याने चपलेचं सांगितलं, पोटरीचं, गुंतवलेल्या हातांचं. बायको म्हणाली की ते सगळं क्लिपमध्ये दिसतंच, मीच तुम्हाला दाखवलंय. तिचा आवाज प्रेमळ होता, आजाऱ्याशी बोलतात तसा. मग त्याच्या डोक्यात आलं की दाखवता येईल. तुम्ही खिडकीत या, तो म्हणाला, दोघीही या, मी जाऊन उभा राहतो, बघा आणि सांगा. मुलगी नको म्हणत होती, पण बायको तिला म्हणाली, चल, बाबांना एवढं वाटतंय तर. तो रस्ता ओलांडून पेटीजवळ गेला. चष्मा काढला. खिडकीत दोन आकार आले, एक उंच, एक त्याला बिलगलेला. त्याने खांदे पाडले, हात पोटाशी घेतले, मान पुढे केली, आणि त्याला जाणवलं की जमत नाही. काहीतरी राहतंय. ज्या गोष्टीसाठी तो तिथे उभा राहायचा ती आज त्याच्याकडे बघत होती, त्यामुळे बघायला काही उरलं नव्हतं. फोन वाजला. बायको म्हणाली, जरा डावीकडे व्हा. तो झाला. खांदे आणखी पाडा. त्याने पाडले. आता पाय घासा. त्याने घासला आणि तोल जाऊन पेटीला धरलं. फोनमधून मुलीच्या हसण्याचा आवाज आला. एवढ्या दिवसांत पहिल्यांदा, गुदमरल्यासारखं, मग मोकळं. ‘अगं, बाबाला बघ,’ ती आईला म्हणत होती, आणि तिला बोलता येत नव्हतं. हे हसणं त्याने आजवर काचेमागूनच पाहिलं होतं, त्याचा आवाज इतक्या जवळून असा असतो हे त्याला माहीत नव्हतं. ते थांबू नये म्हणून त्याने पुन्हा पाय घासला. पुन्हा तोल घालवला. हात वेडेवाकडे धरून दाखवले. खिडकीतला बिलगलेला आकार वाकला आणि सरळ झाला. कशासाठी आलो होतो ते विसरून तो कितीतरी वेळ तिथे इसमाची नक्कल करत राहिला.

‘नाही हो,’ शेवटी बायको फोनवर म्हणाली. ‘तो असा नव्हता. तो उंच होता जरा. आणि त्याला काहीतरी हवं होतं. ते तुम्हाला नाही जमत. या आता, जेवण गार होतंय.’

जेवताना मुलीने दोन घास खाल्ले, त्यामुळे बायको त्याच्याकडे कृतज्ञतेने बघत होती. तेवढ्याने काही बदलणार नव्हतं. सकाळी त्याने बॅगा खाली नेऊन टॅक्सीत ठेवल्या. डॉक्टर आपल्या फाटकाशी दात घासत उभे होते, त्यांनी ब्रशनेच निरोप दिला. मुलीने त्याला मिठी मारली आणि कानात म्हणाली की काल तू फार मजा आणलीस, तिकडे आठवण आली की मी तेच आठवीन. ती आत बसली, पाठ खिडकीकडे करून. बायको दुसऱ्या बाजूने बसली, पदर आत घेतला, दार लावलं. टॅक्सी सुरू झाल्यावर तिने काच थोडी खाली केली.

‘रात्री फिरायला जाऊ नका आता,’ ती म्हणाली. ‘आणि तो दिसला कुठे, तर त्याच्या नादी लागू नका.’

‘बरं,’ तो म्हणाला.